बोलायची परवानगी

२००८ साली मी साठीचा होतो. आज सुनेनं बैलांपुढं उसाचं वाढं टाकलं, त्या वासानं नगरच्या कोर्टातला दिवस आठवला.

हंगामाआधी आगाऊ पैशांची उचल घेताना मुकादमाला सहीचा कोरा चेक द्यायची आम्हा ऊसतोड्यांची रीत. माझी उचल मी ऊस तोडून, कोयत्यानं फेडली, तरी त्यानं चेक भरून दावा लावला. असल्या दाव्यात कोर्टानं परवानगी दिली तरच आपली बाजू मांडता येते.

वकील म्हणाले, "परवानगीसाठी निम्मे पैसे भरावे लागतील, काका."

"फिटलेलं परत भरू? न्हाई."

वकिलांनी तसाच अर्ज दिला. तो वाचून जजसाहेब म्हणाले, "परवानगी दिली. पैसे भरायची अट नाही."

मी उठलो. "मग बोलू, साहेब?"

"आज नाही, बाबा. तारखेला."

सगळे हसले, मला राग आला. आता वाटतं, जन्मात पहिल्यांदा कुणी माझं ऐकायचं कबूल केलं होतं.

कोर्टातनं आल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी बैलांना वाढं टाकता टाकता तारखेला सांगायची सगळी हकिकत मोठ्यानं म्हणून बघितली.