तबकडीतला खोकला

शेजारचे काका लूमचे जुने मेकॅनिक. बोलताना टेबलावर बोटांनी ताल धरायची त्यांना सवय. तरुणपणी सुट्टीच्या दिवशी आमच्या भिवंडीतल्याच एका लूमच्या शेडमध्ये चौघे दोस्त रॉक वाजवायचे. त्या काळातल्या हौशी बँडच्या गाण्यांची एक तबकडी नुकतीच निघाली. त्यात यांचंही एक गाणं आलं, म्हणून काकांनी मला ऐकायला बोलावलं.

कव्हरवर यांची नावंच नव्हती. मी चिडलो.

"न्हाय तर न्हाय. तू शेवट ऐक," ते म्हणाले.

गिटार थांबली आणि कुणीतरी खोकलं.

"आमचा ड्रमवाला. गेला बिचारा."

त्यांनी सुई उचलून पुन्हा तिथंच ठेवली. मग आणखी एकदा. तिसऱ्यांदा हसत म्हणाले, "बिडी सोड म्हणून किती सांगितलं होतं याला!"