फाबिओला माँतेनेग्रो मरत नाही

फाबिओला माँतेनेग्रो हे नाव तिच्या आईनं ठेवलेलं नव्हतं. आईनं ठेवलं होतं एउस्तोलिया, आणि आडनाव तेक्वापेत्ला. बाप अत्लिक्स्कोच्या बाजारात फुलं विकायचा. तिथल्या जत्रेत एका वर्षी ती फुलराणी निवडली गेली. त्या वर्षी उभ्या राहिलेल्यांपैकी एकीला गालगुंड झालं होतं आणि दुसरी पंचांची भाची निघाली म्हणून बाद झाली, त्यामुळे उरली हीच. तेव्हा बाईंचे पाय जमिनीवरून जे सुटले ते सुटलेच. मेक्सिको शहरात आली, नाव टाकलं, आडनाव टाकलं, सोबत आणली फक्त डावी भुवई.

ही भुवई वर गेली की समजायचं, कारस्थान शिजलं. खाली आली की समजायचं, आता जाहिरात.

सुरुवातीची कित्येक वर्षं तिनं मालिकांमध्ये दारं उघडली. "साहेब, आपला फोन." "मालकीणबाई, पाहुणे आलेत." एवढंच. पण ते "आलेत" ती असं काही लांबवायची की पाहुणे घरी परत जाऊन जेवून आले असते. मग एकदा आंधळ्या सावत्र मुलीला विहिरीत ढकलणारी बाई करायला मिळाली आणि नशीब फळफळलं. पोर्तालेसच्या मंडईत बायकांनी तिला टोमॅटो फेकून मारले. डाग पडलेलं ते पोलकं तिनं आजवर धुतलेलं नाही. कपाटात टांगून ठेवलंय, एखाद्या सेनापतीच्या कोटासारखं.

त्यानंतरची वीस वर्षं एकच बाई. नाव बदलायचं, विग बदलायचा, ढकलायची मुलगी बदलायची. भुवई तीच.

घरी ती आणि धाकटी बहीण रेफुहिओ, जिला सगळे कूका म्हणतात. मालिकेत दोघी भांडत असल्या की एकीनं दुसरीकडे पाठ करून खिडकीकडे बघत बोलायचं असतं, म्हणजे दोन्ही तोंडं कॅमेऱ्यात येतात. बाईंच्या ही सवय हाडीमाशी खिळलेली. सकाळी स्वयंपाकघरात यायच्या, कूकाकडे पाठ करायच्या, पडदा मुठीत धरायच्या.

"कूका... या घरात..." इथे एक उसासा. "या घरात साखर... उरलेली नाही."

"मग खिडकीला काय सांगतेस? खिडकी आणणार आहे का?"

"तुला माझं दुःख कधीच कळलं नाही."

"मला साखर कळली. सरक, दूध उतू चाललंय."

आता एक गोष्ट सांगायला हवी. त्या स्टुडिओत कुणी संवाद पाठ करत नाही. नटांच्या कानात वाटाण्याएवढं यंत्र असतं आणि काचेच्या खोलीत प्रॉम्प्टर बसतो. फाबिओलाचा प्रॉम्प्टर त्रांकिलिनो. कायम सर्दी झालेला माणूस, बसचे थांबे पुकारावेत तसा सगळ्यांचे संवाद वाचायचा, आणि संवादच नाही, हालचालीसुद्धा. "'तू माझा मुलगा नाहीस.' वळते. रडते. 'तू माझा मुलगा कधीच नव्हतास.' थोबाडीत देते." बाई वळायच्या, रडायच्या, थोबाडीत द्यायच्या. लोक म्हणायचे, काय अभिनय! संहितेची पानं रोज संध्याकाळी घरी यायची, आणि कूका ती न वाचलेली पानं पोपटाच्या पिंजऱ्यात अंथरायची. पोपटाला कथानक बाईंपेक्षा जास्त ठाऊक असावं.

म्हणूनच, ज्या दिवशी दोन्या लिओनोर मरणार होती, त्या दिवशी हे सगळ्या स्टुडिओला माहीत होतं, फक्त दोन्या लिओनोरला नव्हतं.

दोन्या म्हणजे बाईसाहेब, आणि लिओनोर ही बाईंची चालू भूमिका. टकिला नावाची दारू गाळणाऱ्या मळ्याची मालकीण, सुनेचा छळ करणारी. टेबलावर केक ठेवलेला होता, भूमिका संपणाऱ्या नटाला निरोप म्हणून ठेवतात तसा. बाईंनी तो पाहिला आणि कॅमेरावाल्याला वाढदिवसाच्या शुभेच्छा दिल्या. तो बिचारा "आभारी आहे" म्हणाला. काय करणार?

प्रसंग सुरू झाला. लिओनोर जिन्यावरून पडली होती. पडायचं काम दुसरीनं केलं, बाई फक्त गालिच्यावर पसरल्या. डोकं मुलाच्या मांडीवर. मुलगा याहिर किंतानार, देखणा पोरगा, डोक्यात भुसा.

कानात त्रांकिलिनो: "'मला माफ कर, बाळा.'"

"मला माफ कर, बाळा..."

"'मी तुझ्या बायकोचे फार हाल केले.'"

"मी तुझ्या बायकोचे... फाऽऽर हाल केले."

"मान टाकते. मरते."

बाईंची मान जागची हलली नाही. भुवई मात्र हळूहळू वर गेली, एकटीच.

"मरते," त्रांकिलिनो शिंकून पुन्हा म्हणाला.

बाई उठून बसल्या. "मला काही झालेलं नाही," त्या खणखणीत आवाजात म्हणाल्या. "जरा चक्कर आली. डॉक्टरांना बोलवा. आणि एक ग्लास पाणी."

तोवर त्रांकिलिनो पुढच्या ओळीवर गेला होता, आणि याहिर कानात येईल ते बोलणारा. बसलेल्या आईच्या तोंडाकडे बघत त्यानं टाहो फोडला, "आई! डोळे उघड, आई! का गेलीस मला सोडून?"

"गेले नाही रे, मूर्खा! इथंच आहे!"

"तिचे हात थंड पडलेत!" याहिर रडतच होता. मालिकेत पहिल्यांदाच त्याला खरे अश्रू आले, घाबरून.

निर्माते अबुंदिस साहेब धावत आले. गोड बोलणारा माणूस, सगळ्या नट्यांना राणी म्हणायचा.

"राणी, काय हे? किती सुंदर मरण लिहिलंय तुला. चेहरा जवळून घेतोय, व्हायोलिन लावतोय. मासिकवाले मुखपृष्ठ देणार आहेत."

"रेबेकालासुद्धा मुखपृष्ठ दिलं होतं." रेबेका तिची जुनी सहनटी. मागच्या मालिकेत मेली, ती पुन्हा पडद्यावर दिसली नाही. "मेलेल्या बाईला कोण बोलावतं, साहेब? मी मरणार नाही."

"मृत्युपत्र वाचायचंय गं, राणी. तू मेल्याशिवाय कसं वाचणार?"

"जिवंत बाईचं चोरून वाचा. जास्त रंगेल."

बाईंना उभ्या आयुष्यात सुचलेली ही एकमेव चांगली ओळ, तीही कॅमेरा बंद झाल्यावर. अबुंदिस साहेबांनी दात कोरत विचार केला. "ठीक आहे. जिवंत राहा. पण बेशुद्ध. तोंडाला बँडेज. संवाद नाहीत. पटत असेल तर बघ, नाहीतर आत्ता व्हायोलिन लावतो."

जिच्याजवळ चेहऱ्याखेरीज दमडीचं भांडवल नाही, तिनं चेहरा झाकून घ्यायला होकार दिला! का, तर पडद्यावर जिवंत म्हणून नाव राहावं. केक मात्र तिनं कापू दिला नाही. मागच्या दारानं घरी नेला.

"एवढं तोंड बांधलंय, तर दुसऱ्या कुणाला झोपवतील की," कूका केक खात म्हणाली. "तू घरी बस."

"दुसरी कुणी?" बाई खिडकीकडे वळल्या. "बेशुद्धीसुद्धा... एक कला आहे."

ही कला बाईंनी कित्येक आठवडे दाखवली. कानातलं यंत्र काढून घेतलं होतं, कारण सांगण्यासारखं काही नव्हतं. मोलकरणीची भूमिका करणारी पोरगी तिच्या पोटावर कॉफीचा कप ठेवायची. एका प्रसंगात सून पलंगाशी बसून रडत असताना बँडेजच्या आतून घोरण्याचा आवाज आला आणि दिग्दर्शकानं तो शेवटचा श्वास म्हणून चालेल का, असं विचारलं. बाई ताडकन जाग्या झाल्या. "चालणार नाही!"

हळूहळू पलंग कोपऱ्यात गेला. मग दाराबाहेर. मग दारच मालिकेतून गेलं. शेवटच्या भागात मुलाचं दुसऱ्यांदा, त्याच सुनेशी, लग्न झालं. चर्चमध्ये सगळे होते, घोडासुद्धा. लिओनोरचं नाव कुणी काढलं नाही. लेखक तिला विसरला होता. बाईंनी अबुंदिस साहेबांना फोन केला, तर साहेब बैठकीत. दुसऱ्या दिवशी बैठकीत. त्याच्या दुसऱ्या दिवशीही.

मग एका संध्याकाळी त्या मंडईत गेल्या. कोंबडीवाल्या चायोच्या गाळ्यासमोर खुर्च्या मांडलेल्या, मेणबत्त्या लावलेल्या, पांढरी फुलं, आणि मधोमध बाईंचा फोटो, मासिकातून कापलेला. बायका जपमाळ घेऊन बसलेल्या. मेलेल्यांसाठी नऊ दिवस करतात तीच प्रार्थना.

"कोण गेलं?" बाईंनी विचारलं.

"दोन्या लिओनोर," चायो डोळे पुसत म्हणाली. "पोराचं लग्न, आणि आई चर्चमध्ये नाही? म्हणजे काय ते समजा. सांगितलंसुद्धा नाही मेल्यांनी आपल्याला. फार खाष्ट होती, पण घर तिनंच सांभाळलं हो."

"चायो, मी जिवंत आहे! लिओनोर जिवंत आहे! बेशुद्ध आहे नुसती!"

"बाई, तुम्हाला दुःख झालंय, कळतं आम्हाला. तुमच्या किती जवळची होती ती. बसा. आज नववा दिवस, नंतर जेवायला तामाल आहेत. मोलेसुद्धा केलंय."

बाईंनी चुलाण्यावरच्या पातेल्याकडे पाहिलं. मोलेच्या झणझणीत रश्शाचा वास अगदी अत्लिक्स्कोसारखा येत होता. त्या बसल्या. शेजारणीनं हातात जपमाळ दिली. चायोनं पुढची ओळ म्हटली आणि सगळ्या बायकांबरोबर फाबिओला माँतेनेग्रोही म्हणाली, "तिच्या आत्म्याला शांती लाभो," इतक्या आर्त आवाजात की शेजारीण हुंदके देऊ लागली.