वर्तुळाबाहेरचा वारा

आज आमच्या संशोधन विभागात नकाशावर वर्तुळ काढताना कंपासचे टोक कागदातून आरपार गेले. नकाशा उचलला, तर त्या भोकातून ऊन दिसले. रणांगणावर वापरायच्या छोट्या अण्वस्त्राने किती नुकसान होईल, हे दाखवणारी आकृती मी अहवालासाठी काढत होते. गणित सोपे व्हावे म्हणून अशा आकृतीत वारा शून्य धरण्याची आमच्याकडे रीत आहे. मी तो शून्य धरला नव्हता.

"वारा कशाला मधे आणतेस, बाई? अस्त्र छोटं, वर्तुळही छोटंच हवं," विभागप्रमुख सर म्हणाले.

"किरणोत्सारी धूळ वर्तुळापाशी थांबत नाही, सर."

"अहवालावर तुझं नाव पहिलं आहे. हट्ट केलास तर राहणार नाही."

ते नाव मला हवे होते. त्यासाठी दोन वर्षे राबले होते. पण छोटे म्हणजे कोणाच्या मापाने? भोक पडले तिथे एका गावाचे नाव होते, ते आता वाचता येत नाही. आणि शत्रूकडून येणारे उत्तरही छोटेच असेल, याची हमी कोणते समीकरण देते?

मी वाऱ्याच्या दिशेने धुळीचा पट्टा आखत गेले. नकाशाची कड आली, तरी पट्टा संपेना.

"नाव काढा, सर," मी म्हणाले आणि शेजारी दुसरा कागद चिकटवला.