बुवा उत्तरेला वळले

"उत्तर नाही," असं म्हणून बुवा धुळपाटीवरची धूळ तळहातानं सपाट करायचे. मेलेल्याचे डोळे मिटावेत ना, तसे.

सदाशिव पेठेत त्यांच्याकडे मी पाणी भरायचो. बुवा ज्योतिषी, गणितात पक्के. मला अक्षर ओळखीचं नाही. माझं डोकं म्हणजे बुडाला फुटलेली घागर, पण बुवांना शिकवायला दुसरं कोणी सापडत नसे.

"गाढवा, एक आकडा सांग. त्याला त्यानंच गुण, वर एक मिळव. शून्य आलं पाहिजे."

"शून्य? ते माझ्याकडून कधीही घ्या, बुवा."

हसले नाहीत. मला अंगणात पूर्वेकडे तोंड करून उभं केलं. "हे सुलट, म्हणजे धन. ऋणानं गुणणं म्हणजे पाठ फिरवणं. फिरव. आता हे उलट, म्हणजे ऋण. त्याला पुन्हा ऋणानं गुण. फिरव पाठ. कुठे आलास?"

खांद्यावर भरली घागर होती. "होतो तिथंच. फक्त ओला."

"मग? सुलट्याचा वर्ग सुलट, उलट्याचाही सुलटच. एक मिळवून शून्य यायला वर्ग उलटा हवा. तो होतच नाही. उत्तर नाही."

मी अंगरखा पिळला. माझ्या डोक्यात त्या दिवशी तेवढंच पाणी शिरलं.

बुवांचे जावई उत्तरेच्या स्वारीवर गेले होते. फौज परतली, ते परतले नाहीत. मेलेलं कोणी पाहिलं नव्हतं, जिवंतही कोणी पाहिलं नव्हतं. बुवांची लेक, आमच्या ताई, माहेरीच होत्या आणि रोज कुंकू लावत होत्या. ते पेठेला खुपायला लागलं. जाणती मंडळी ओसरीवर येऊन बसली.

"जोशीबुवा, अहो, सगळ्या पुण्याला भविष्य सांगता. जावई आहे की नाही, एवढं सांगा. नसेल तर हे कुंकू कशासाठी?"

ताई दाराआड उभ्या होत्या. बुवा म्हणाले, "आहे म्हटलं तरी जुळत नाही. नाही म्हटलं तरी जुळत नाही."

"वा! म्हणजे दक्षिणा दोन्हीकडून!"

मंडळी गेली. भर दुपारी बुवा अंगणात पूर्वेकडे तोंड करून उभे राहिले. मग डावीकडे वळले, अर्धेच. पाठ फिरवली नाही.

"पुढे नाही, मागे नाही. बाजूला! असं एकदा वळ, पुन्हा असंच वळ, की पाठ फिरते. वर्ग उलटा झाला, गाढवा!"

"बुवा, तिकडे भिंत आहे."

"तिकडे उत्तर आहे."

मी म्हटलं, "ते मलाही ठाऊक आहे, पूर्वेच्या डावीकडे उत्तरच असते." माझ्या शहाणपणावर बुवा हसले. मी त्यांना पहिल्यांदाच हसताना पाहिलं.

सकाळी बुवा घरात नव्हते. दाराचा अडसर आतून लावलेला होता. भिंतीपलीकडे, विहिरीत, सगळीकडे शोधलं. मीच विहिरीत उतरलो आणि मलाच वर काढावं लागलं.

तेव्हापासून ताई दुपारी दोन पानं वाढतात. एक वडिलांचं, एक नवऱ्याचं. मग दोन्ही मला मिळतात. मी हावरट, पण ताईंनी म्हटल्याशिवाय पानाला हात लावत नाही.

काल मंडळी पुन्हा ओसरीवर आली. "ताई, आता तरी पुसणार का?"

ताई माजघरात पानांपाशी बसल्या होत्या. मी पाहिलं, जावयांच्या पानावर भात तसाच होता, वाढलेलं मीठ मात्र नव्हतं. मांजर असेल, असं म्हणणार होतो. पण मीठ खाणारं मांजर मी पाहिलेलं नाही.

ताईंनीही पाहिलं. कपाळावरचं कुंकू बोटानं नीट केलं आणि मला म्हणाल्या, "बघता काय? मीठ संपलंय त्यांचं. वाढा."