ताणलेली टेप

टेलरबाईंना माणूस आधी कपड्यातून कळायचा, मग तोंडातून. कॉलर एकाच बाजूला झिजली, की त्या विचारायच्या, मान दुखते का हो? खांद्याची एकच शिवण उसवली, की जड पिशवी कुठल्या हातात असते ते सांगायच्या. बाईंकडे कपडा टाकला की घरातलं काही लपत नाही, असं गल्लीतल्या बायका हसून म्हणत.

नवऱ्याची पँट त्यांनी पहिल्यांदा आत घेतली, तेव्हा दोष टेपला दिला. कापडी टेप जुनी झाली की ताणते. आकडे लांब लांब जातात आणि कंबर असते त्याहून कमी भरते. पँट पुन्हा आत घ्यावी लागली.

"तुझी टेप म्हातारी झाली, मी नाही," तो म्हणाला.

त्याही हसल्या. नवी टेप आणायचं रोज ठरे, रोज राहून जाई. त्याचं जेवण कमी झालं, ते उन्हाळ्यावर गेलं. पट्ट्याला त्याने खिळ्याने नवं भोक पाडलं, ते चामड्यावर गेलं. प्रत्येक गोष्टीला आपलं आपलं कारण होतं. सगळ्या शेजारी शेजारी ठेवून कुणी पाहिल्या नाहीत.

मग पोस्टमन पँट शिवून घ्यायला आला. दरवर्षी यायचा.

"वहिनी, यंदा तरी पोट जरा कमी सांगा."

"होतं तेवढंच आहे भाऊजी. सूतभर हललेलं नाही."

बोलून झालं आणि खडू हातातच राहिला. टेप तीच होती. ती ताणली असती, तर पोस्टमनही बारीक भरला असता.

दुसऱ्याच दिवशी त्या नवऱ्याला दवाखान्यात घेऊन गेल्या. पुढे तपासण्या झाल्या. वजन कधीपासून उतरतंय, असं डॉक्टरांनी विचारलं. नवरा म्हणाला, लक्ष नाही. बाईंना आत घेतलेली पहिली शिवण आठवली. आता औषध दुखणं सुसह्य करण्यापुरतंच, असं डॉक्टर हळू आवाजात म्हणाले.

परत येताना बाईंनी नवी टेप घेतली.

"एक शर्ट शिव," घरी आल्यावर तो म्हणाला. "जुने दुसऱ्याचे घातल्यासारखे वाटतात."

तो हात पसरून उभा राहिला. त्यांनी छातीभोवती टेप फिरवली. ती फार लवकर जुळली.

"किती?"

"अडतीस," त्यांनी जुनाच आकडा सांगितला.

"बघ. टेपच म्हातारी झाली होती."

कापड त्यांनी खऱ्या मापाने कापलं. कच्च्या टाक्यांचा शर्ट अंगावर चढवून तो आरशासमोर बराच वेळ उभा राहिला. मग म्हणाला, अडतीस मला पहिल्यापासून छान बसतो. बाई मान खाली घालून काजं करत राहिल्या.

शेवटचं बटण लागेपर्यंत तो शर्टही सैल झाला होता.