पहिल्या कॅसेटमधून तिला गाळलं तेव्हा

अन्याय झाला तो आमच्यातल्या एकुलत्या एका मुलीवर. केव्हा? अखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आदल्या दिवशी, भर दुपारी, जळगावच्या एका रेकॉर्डिंगच्या खोलीत. तिच्या ओळी ऐकून झाल्यावर खोलीच्या मालकाने कानावरचे हेडफोन काढले आणि जाहीर केलं, "पोरांचं ठेवू. हिचं काढून टाका."

रॅपच्या कॅसेटी तेव्हा आमच्याकडे नुकत्याच पोचल्या होत्या. गळ्यात साखळी, डोळ्यांवर गॉगल, तोंडात पोरींची टिंगल. आम्हाला तसला रॅप नको होता. आम्हाला तो अहिराणीत हवा होता: न येणाऱ्या एसटीवर, काटा मारणाऱ्या कापूस व्यापाऱ्यांवर, हुंड्यावर. आम्ही तिघंच. मी अमळनेरच्या कॉलेजात पत्रकं लिहायचो, तीच मोडून ओळी केल्या. दीपनगर कॉलनीतल्या मित्राकडे दोन डेकचा टेप होता. एका डेकवर डफाचा तुकडा वाजवायचा, दुसऱ्यावर तोच पुन्हा पुन्हा भरायचा, की झाला ठेका! तिसरी ती, एरंडोलकडची. जीभ आम्हा दोघांपेक्षा धारदार.

"नाना, माझ्यात काय वाईट?" तिने मालकाला विचारलं.

"हे गाणं नाही बाई, भांडण आहे. बाईमाणसाचं भांडण कोण विकत घेईल?"

"आणि पोरांची काय आरती आहे?"

मित्र कुजबुजला, "कॅसेट तर निघू दे. पुढच्या वेळी घेऊ हिला." मी खेकसलोच त्याच्यावर. हुंड्याविरुद्ध ओरडणारी कॅसेट, आणि तिच्यातून मुलगीच गायब!

बाहेर आल्यावर ती म्हणाली, "त्यांचं जाऊ द्या. पण आज मलाही जमलं नाही. भिंतीला शिव्या देऊन काय होतं? समोरून कोणी परत द्यायला पाहिजे. उद्या टेप घेऊन गावाला या."

गेलो. अखाजीला माहेरी आलेल्या लेकी गौराई घेऊन नदीवर जातात आणि पलीकडच्या गावच्या बायकांशी काठावरून शिव्यांचा सामना होतो. वर्षभर सासरी गप्प बसलेली तोंडं त्या दिवशी सुटतात, आणि राग कोणी धरायचा नसतो. हे सगळं घरात असताना आम्ही शहाणे बंद खोलीत माईक शोधत होतो!

मित्राने टेपमध्ये सेल घालून तो वाळूत ठेवला. मी डफ धरला. दोन्ही काठ आधी आम्हालाच हसले. मग ती पुढे झाली.

"तुमना गावमा मोटर शे, पन पानी नही!"

पलीकडून एका थोराड बाईने ठेका न चुकवता परत केली, "तुमना गावमा पानी शे, पन तोंड धोवानी अक्कल नही!"

मग काय! सासू आली, नवरा आला, हुंड्यातली फटफटी आली, पुढारी आला. मी ऐकण्यात गुंगलो तर थोराड बाई माझ्यावरच घसरली, "ओ डफवाला, जोरमा वाजाड! जेवना नही का?" मी डफ बडवायला लागलो. हाच आमचा रॅप!

दीपनगरला जाऊन कॅसेट आम्हीच भरली. पहिली बाजू तिची, नदीवरची. दुसरी आमची. धुळ्याच्या बसस्टँडवर चहावाल्याने ती लावली, तेव्हा एक कंडक्टर गाडी सोडायची सोडून ऐकत उभा राहिला, आणि प्रवासी खिडक्यांतून त्याच्या नावाने ओरडू लागले. तेही ठेक्यात!

आता कळतं की कॉपी करणारे पहिली बाजू गाळतात. म्हणे, घरात आईबहिणींसमोर बरं दिसत नाही. अरे, आईबहिणींनीच म्हटलंय ते! तुमच्याकडे अशी अर्धी कॅसेट असेल तर आणून द्या, पूर्ण भरून घ्या, आणि दिवसाढवळ्या, घरातल्या सगळ्यांसमोर पहिली बाजू लावा. आवाज कमी करायचा नाही.