न ठोकलेला गठ्ठा

पन्नाशी उलटल्यावर बायकोचा हेवा वाटला, हे लिहायला बरं वाटत नाही. पण वाटला, आणि नुसता वाटून थांबला नाही.

इथे आखातात मराठी मंडळाच्या नाटकांचे पडदे पंधरा वर्षं मी रंगवले. घरात चित्र म्हटलं की मीच. मग हिला मूकपटांच्या अगदी सुरुवातीच्या काळातल्या कार्टूनांचा नाद लागला. तेव्हा चित्रावर चित्र ठेवायच्या सेल्युलॉइडच्या पारदर्शक शीट वापरात यायच्या होत्या. हलणारं, न हलणारं, सगळंच दर वेळी नव्याने काढायचे म्हणे. ही तसंच करायला बसली. मंगफ भागातल्या आमच्या बाल्कनीतली, वाऱ्याने फडफडणारी चादर. दोनशे पातळ कागद, सिनेमा पंधरा सेकंदांचा. प्रत्येक कागद एका ट्रेच्या कोपऱ्यात घट्ट बसवून तोच कठडा, तेच गज, म्हणजे सगळ्या कागदांवर ते एकाच जागी यावेत.

तिची रेघ माझ्यापेक्षा चांगली होती. पहिल्याच आठवड्यात कळलं मला. मित्र माझ्याच फोनवर विचारायचे, "वहिनींचं कुठवर आलं?"

कडा मळल्या म्हणून त्या कापून आणायला तिने गठ्ठा माझ्याकडे दिला. मी राई नावाच्या भागातल्या छापखान्यात ऑर्डरी सांभाळतो. कापण्याआधी गठ्ठा टेबलावर ठोकून सरळ करायचा, हे तिथल्या चहावाल्यालाही ठाऊक आहे. मी ठोकला नाही. कागद केसभर मागेपुढे होते, तसेच कापायच्या मशीनखाली सरकवले; प्रत्येकाची कड चित्रापासून वेगळ्याच अंतरावर कापली गेली.

तिने एकेक कागद पुन्हा ट्रेत ठेवून फोटो काढले आणि टीव्हीवर लावले. कठडा भूकंपात सापडल्यासारखा नाचत होता.

"आई, इट्स शेकिंग," मुलगी म्हणाली.

बायको स्वतःच्या हाताकडे बघत राहिली. तिच्या वडिलांचा हात असाच थरथरायला लागला होता, पुढे घासही तोंडापर्यंत जाईना. तिने पेन उचलून ठेवलं. मेंदूच्या डॉक्टरांकडे तीन खेपा झाल्या. गाडी मीच चालवायचो. तपासण्यांत काही निघेना, तर म्हणायची, "अजून दिसत नसेल रे."

गेल्या शुक्रवारी जेवताना मी तिला सगळं सांगून टाकलं.

"म्हणजे माझा हात बरा आहे?" तिने आधी एवढंच विचारलं.

"हो."

"आणि डॉक्टरांकडे बाकावर माझा हात धरून बसायचास, तेव्हा तुला माहीत होतं?"

"होतं."

तिने ताट उचललं आणि आत मुलीच्या खोलीत जाऊन जेवली.